‘बाबा ऑफिसला जाला’ ही चूक की प्रगती?

लिंबूटिंबू: मुलगा तीन वर्षं दोन महिन्यांचा. बालवाडीच्या बाईंनी सुचवलं म्हणून एका ठिकाणी भाषेची तपासणी करून घेतली. वीस मिनिटं खेळवलं, बोलणं रेकॉर्ड केलं आणि हातात कागद दिला : ‘वाक्याची सरासरी लांबी २.६ शब्द. क्रियापदांच्या रूपांत चुका.’ चुका कुठल्या, तर ‘बाबा ऑफिसला जाला’, ‘मी चित्र करलं’. गंमत म्हणजे दोन वर्षांचा असताना हाच ‘गेला’, ‘केलं’ अगदी नीट म्हणायचा. सासूबाई म्हणतात, पोर मागे चाललंय. मला उलटं वाटतं. तेव्हा तो ऐकलेला शब्द तसाच म्हणत होता. आता बसला, हसला, पडला यांतला ‘ला’ त्याला सापडलाय आणि दिसेल त्या क्रियापदाला तो चिकटवत सुटलाय. याचे गुण कापायचे?

खडूफळा: कापायचे नाहीत, पण मोजणीवर राग काढू नका. वाक्याची सरासरी लांबी मोजायची ही पद्धत रुळवली अमेरिकी मानसशास्त्रज्ञ रॉजर ब्राउन यांनी, १९७३च्या पुस्तकात, तीन मुलांच्या बोलण्याच्या नोंदींवरून. ते शब्द मोजत नव्हते, अर्थाचे छोटे घटक मोजत होते, तेही मुलानं बोललेल्या शंभर वाक्यांत. आणि इंग्रजी ‘वेंट’ (गेला) सारखं अनियमित रूप एकच घटक धरायचे. म्हणजे त्या हिशेबानं ‘गेला’ला एक आणि ‘जाला’ला दोन, ‘जा’ आणि ‘ला’! तुमच्याकडे शब्द मोजलेत, घोळ तिथे आहे.

मिरची_लोणचं: मग मराठीत घटक मोजून दाखवा की. ‘जाते’ या एवढ्याशा शब्दात काळ आहे, पुरुष आहे, लिंग आहे. एक धरू की तीन? ‘घरातल्यांना’चं काय? इंग्रजीची फूटपट्टी आणायची आणि आपल्या पोरांना आखूड ठरवायचं.

रंकाळा: +१. आमच्याकडे कोल्हापुरात बायका सर्रास ‘मी आलो’ म्हणतात. माझी भाची तसंच बोलते, तर पुण्यात तिच्या कागदावर ‘लिंगात गोंधळ’. मराठवाड्यातलं पोर ‘पाणी पिलं’ म्हणालं, तर ते घरचंच बोलतंय ना?

आजोळ: सगळं मान्य, पण मला हा सूर धोक्याचा वाटतो. माझ्या पुतण्याच्या बोलण्यातून ‘ला’, ‘ने’, ‘त’ गळायचे. ‘आई दे’ म्हणजे आईला दे की आईनं दे, कळायचं नाही. घरात एकच पालुपद : बाबाही उशिराच बोलला होता. वर्षभरानं कळलं, कानात पाणी साचून ऐकूच कमी येत होतं. जास्तीचा ‘ला’ लावणारं मूल वेगळं आणि ‘ला’ गाळणारं वेगळं. हा फरक कुणीतरी बसून नोंदवल्याशिवाय दिसत नाही. लिंबूटिंबू, कान तपासलेत का?

लिंबूटिंबू: नाही. कुणी सुचवलंही नाही.

खडूफळा: मग ते आधी करा. घरी एक करून बघा. बालभाषेच्या अभ्यासक जीन बर्को यांनी १९५८मध्ये मुलांना नसलेल्या प्राण्याचं चित्र दाखवून अनेकवचन विचारलं होतं, म्हणजे पाठ केलेलं उत्तर मिळायलाच नको. आपण ‘गुबा’ काढू. हा एक गुबा, हे दोन...?

मिरची_लोणचं: अनोळखी टेबलावर गप्प बसणारं पोर यातही गप्पच बसेल, पण घरी ठीक आहे.

लिंबूटिंबू: कालचा निकाल. ‘दोन गुबे’ लगेच आलं. मग चमचा देऊन म्हटलं, भात कोणाला भरवतोस? तर ‘गुबाला’. ‘गुब्याला’ नाही म्हणाला. म्हणजे सामान्यरूप, प्रत्ययाआधी शब्द बदलतो ते, अजून यायचंय. कानाची तपासणी शनिवारी आहे.

आजोळ: छान. कळवा.

रंकाळा: थांबा हो, ‘गुबाला’ चूक कशी? त्यानं गुबा हे कुणाचं तरी नाव धरलं असेल. बाबाला, दादाला म्हणतो, बाब्याला म्हणत नाही ना? भात भरवायचा म्हणजे घरचाच झाला की तो.