भावाने इंजिनिअरिंग सोडलं, कॉलेज म्हणतंय उरलेल्या ३ वर्षांची फी भरा मगच कागदपत्रं

सातारकर_दादा
नमस्कार मंडळी. धाकटा भाऊ पुण्याजवळच्या एका खाजगी युनिव्हर्सिटीत कॉम्प्युटरला होता, पहिली सेम कशीबशी काढली आणि जानेवारीत घरी आला, म्हणे नाही जमत, बीएस्सी करतो. घरच्यांचा राग आता निवळलाय. पण दहावी-बारावीच्या ओरिजिनल मार्कशीट आणि एलसी कॉलेजकडे अडकलेत. ऑफिसवाले म्हणतात उरलेल्या ३ वर्षांची फी भरा मग नो ड्यूज (काही देणं बाकी नाही असा दाखला). ॲडमिशनच्या गडबडीत बाबांनी स्टॅम्पपेपरवर सही केलीये की मधेच सोडलं तर पूर्ण कोर्सची फी देईन. वर्षाला १ लाख ८५ हजार फी आहे, कुठून आणायचे एवढे? आणि या वर्षाची भरलेली फी थोडीतरी परत मिळेल का?

पोहे_विथ_रस्सा
सरळ ग्राहक मंचात खेचा. आमच्या बहिणीने क्लासवाल्यांकडून अशीच फी वसूल केली, तारखा पडल्या पण पैसे आले.

काळा_कोट
क्लासचं वेगळं, कॉलेजचं वेगळं. राष्ट्रीय ग्राहक आयोगाने जानेवारी २०२० मध्ये मनू सोळंकी प्रकरणात सांगितलं की शिक्षणसंस्था ग्राहक कायद्यात येत नाहीत, कोचिंग क्लास मात्र येतात. त्यावर सुप्रीम कोर्टात अपील गेलंय, पण सध्या मंचात गेलात तर पहिल्याच तारखेला हाच मुद्दा येणार.

दादा, तुमची दोन भांडणं आहेत, एकत्र करू नका. या वर्षाची फी विसरा. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोग) २०१८ च्या नोटिफिकेशनमध्ये ॲडमिशनच्या शेवटच्या तारखेनंतर ३० दिवस उलटले की परतावा शून्य. कॉशन मनी (अनामत रक्कम) आणि डिपॉझिट मात्र पूर्ण मिळायला हवं, ते सोडू नका.

कागदपत्रांचं म्हणाल तर त्याच नोटिफिकेशनप्रमाणे ओरिजिनल तपासून लगेच परत द्यायची असतात, ठेवून घ्यायचीच नसतात. येणं असेल तर दावा लावा म्हणावं, मार्कशीट काय गहाण आहे का?

एकेकाळचा_क्लार्क
मी १२ वर्षं ॲडमिशन सेक्शनला होतो म्हणून कॉलेजची बाजू पण सांगतो. पोरगा मधेच गेला की ती सीट वर्षभर रिकामी, पगार थोडेच थांबतात. पण ३ वर्षं रिकामी राहते हे खोटं हां, डिप्लोमाची पोरं डायरेक्ट सेकंड इयरला येतात ती याच रिकाम्या जागांवर. आणि तोंडी काही मागू नका, काउंटरला "साहेब मीटिंगमध्ये आहेत" एवढंच ऐकायला मिळेल. लेखी अर्ज द्या, आवक शिक्का मारून पोच घ्या, नाही मारला तर स्पीड पोस्ट.

सातारकर_दादा
@काळा_कोट मॅडम, मग त्या बाँडचं काय? बाबांना रात्रीची झोप नाही त्यावरून.

काळा_कोट
बाँड बेकायदा आहे असं कोणी सांगितलं तर ऐकू नका. २००३ च्या इस्लामिक ॲकॅडमी निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलं की फी एका वेळी एकाच सेमिस्टरची किंवा वर्षाची घ्यायची, पण पोरगा मधेच जाईल अशी भीती असेल तर बाँड किंवा बँक गॅरंटी घेता येईल. कॉलेजचा वकील ती ओळ नक्की वाचून दाखवणार. पण बाँडवर आकडा लिहिला म्हणून तो आपोआप देणं लागत नाही, करार कायद्याच्या कलम ७४ प्रमाणे कोर्ट वाजवी भरपाईच देतं. वरती क्लार्कसाहेब म्हणाले ते इथे कामाला येतं, सीट डिप्लोमावाल्याने भरली तर ३ वर्षांचं नुकसान कसलं? सेकंड इयरच्या ॲडमिशन झाल्या की यादीवर नजर ठेवा.

आधी युनिव्हर्सिटीच्या तक्रार निवारण समितीकडे अर्ज द्या, २०२३ च्या यूजीसी नियमांत त्यांना १५ कामाचे दिवस आहेत. निकाल पटला नाही तर पुढच्या १५ दिवसांत युनिव्हर्सिटीच्याच लोकपालकडे (ओम्बड्सपर्सन) अपील. अर्जात फक्त कागदपत्रं आणि कॉशन मनी मागा, बाँडचा ब पण काढू नका.

पोहे_विथ_रस्सा
आणि बाबांना सांगा ऑफिसातून फोन आला तर "हो बघतो" पण म्हणायचं नाही, जे काय ते ईमेलवर पाठवा म्हणायचं

सातारकर_दादा
सोमवारी जातोय अर्ज घेऊन. शिक्का मारला की टाकतो इथे.

एकेकाळचा_क्लार्क
दोन प्रती न्या, आणि लंच टाइमच्या आधी जा.