मदत हवी आहे: ललिता पवार यांच्या मूकपटांतील कामाविषयी
ललिता पवार यांच्या चरित्रभूमिकांवर मी सविस्तर लेख लिहीत आहे. १९४२ मध्ये चित्रीकरणात बसलेल्या थपडेमुळे त्यांचा चेहरा अर्धांगवायूने ग्रासला, डावा डोळा कायमचा अधू झाला आणि नायिकेच्या भूमिका संपल्या, हे सर्वश्रुत आहे. पण ‘रामशास्त्री’तील आनंदीबाई (१९४४), ‘श्री ४२०’मधील केळी विकणारी गंगामाई (१९५५) आणि फिल्मफेअर मिळवून देणारी ‘अनाडी’तील मिसेस डिसा (१९५९) पाहताना त्यांना केवळ ‘खाष्ट सासू’ म्हणणे अन्यायकारक आहे, असे माझे ठाम मत आहे. गंगामाई आणि मिसेस डिसा यांच्या करड्या बोलण्याआडून जी माया जाणवते, ती फार थोड्यांना साधली. पुढे दूरदर्शनच्या ‘रामायण’मधील मंथरेत तोच अर्धमिटला डोळा किती बोलका झाला!

मूकपटांच्या काळात त्या नायिका होत्या आणि ‘कैलाश’ (१९३२) या मूकपटाच्या निर्मितीतही त्यांचा सहभाग होता. या काळातील चित्रपट-पुस्तिका, छायाचित्रे किंवा जुन्या मासिकांतील जाहिराती कोणाच्या घरच्या संग्रहात असल्यास कृपया कळवावे. उंबरगाव येथील ‘रामायण’च्या चित्रीकरणात त्यांच्यासोबत काम केलेल्यांच्या आठवणीही हव्या आहेत.