गूळ घातलेले घरचे टोमॅटो केचप आठ दिवसांत फसफसले. साखरेवाचून ते टिकवावे कसे?

प्रश्न (सुदामानगर, इंदूर)

नमस्कार. आमचा सात वर्षांचा नातू थालीपीठ, धिरडे, भुट्ट्याचा कीस, जे पानात पडेल ते केचपला लावूनच खातो. विकतच्या बाटलीवरचा तक्ता एकदा नीट वाचला, तेव्हा शंभर ग्रॅममध्ये वीस ग्रॅमांहून अधिक साखर असल्याचे दिसले. म्हणजे एक मोठा चमचा केचप घेतले की जवळजवळ एक चहाचा चमचा साखर पोटात जाते. घरात यजमानांनाही मधुमेह आहे. म्हणून चोइथराम मंडीतून पाच किलो टोमॅटो आणले, कांदा-लसूण घालून शिजवले, साखरेऐवजी चारशे ग्रॅम गूळ आणि अर्धी वाटी व्हिनेगर सुरुवातीलाच घातले, दोन तास आटवले आणि पूर्ण गार झाल्यावर बाटल्यांत भरून ओट्यावरील फळीवर ठेवले. आठव्या दिवशी झाकण फिरवताच फस्सकन आवाज झाला, तोंडाशी फेस आला आणि आंबूस वास सुटला. सर्व बाटल्या ओतून द्याव्या लागल्या. गुळामुळे असे झाले का? त्याऐवजी मध किंवा खजूर चालेल का? आणि टिकण्यासाठी ती पांढरी पावडर (सोडियम बेंझोएट) घालणे अपरिहार्य आहे का?

उत्तर १ (रामबाग, इंदूर)

ताई, सर्व बाटल्या टाकून दिल्यात हे योग्यच केले. फसफसलेला पदार्थ पुन्हा उकळून वापरू नये. मी फळे-भाज्या टिकवण्याचे रीतसर प्रशिक्षण घेतले आहे, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

प्रथम हिशोब पाहू. पाच किलो टोमॅटो आटून साधारण एक किलो सहाशे ग्रॅम केचप होते, आणि त्यात चारशे ग्रॅम गूळ म्हणजे शंभर ग्रॅममागे पंचवीस ग्रॅम. आपण जी साखर टाळू पाहत होतात, तेवढीच गुळाच्या रूपाने परत आली, कारण गुळाचा बराच मोठा भाग साखरच असतो. मधाचेही तसेच आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २०१५ साली दिलेल्या मार्गदर्शनात मध मुक्त साखरेतच, म्हणजे वरून घातलेल्या साखरेच्याच गटात, धरला आहे. ही साखर दिवसाच्या एकूण ऊर्जेच्या १० टक्क्यांच्या आत आणि शक्यतो ५ टक्क्यांच्या आत, म्हणजे प्रौढांसाठी सुमारे २५ ग्रॅमपर्यंत ठेवावी, असे त्यात म्हटले आहे. तेव्हा पांढऱ्याऐवजी तपकिरी घातल्याने काही साधत नाही. एकूण गोडवाच कमी करावा लागतो.

आता फसफसण्याचे कारण. साखर पाण्याला बांधून ठेवते आणि त्यामुळे जंतूंना पाणी मिळत नाही, हे खरे. परंतु त्यासाठी जॅममध्ये असते तशी साठ टक्क्यांहून अधिक साखर लागते. पंचवीस टक्क्यांत यीस्ट सुखाने वाढते. केचपचा खरा राखणदार आंबटपणा आहे. अमेरिकेत १९०६ च्या सुमारास बेंझोएटवरून मोठा वाद झाला, तेव्हा ते वगळणाऱ्या उत्पादकांनी पिकलेले टोमॅटो घेऊन व्हिनेगर आणि साखर दोन्ही वाढवली. आजच्या केचपचा गोडपणा बराचसा तिथूनच आला आहे. आपले व्हिनेगर मात्र दोन तासांच्या उकळीत बरेचसे उडून गेले, केचप गार झाल्यावर भरले गेले आणि वर ते फळीवर राहिले. दोष गुळाचा नाही, या तिन्हींचा आहे. थोडे करून फ्रिजमध्ये ठेवायचे असेल, तर पावडरीची काहीच गरज नाही.

उत्तर २ (राजेंद्रनगर, इंदूर)

मी गेली काही वर्षे हिवाळ्यात खजूर घालून केचप करते. दोन किलो लांबट, पूर्ण लाल टोमॅटो घ्यावेत. गोल देशी टोमॅटो आंबट आणि पाणीदार असतात, त्यामुळे आटवायला फार वेळ लागतो आणि गोडवाही बाहेरून घालावा लागतो. चिरताच ते लगेच चढत्या आचेवर ठेवावेत. चिरून तासभर ठेवले, तर त्यातील पेक्टिन (दाटपणा देणारा घटक) मोडते आणि केचप कितीही आटवले तरी पाणी सोडते. सोबत एक कांदा, एक गाजर, चार लसूणपाकळ्या आणि कोमट पाण्यात भिजवलेले सहा खजूर घालावेत. पातेले स्टीलचेच हवे. ॲल्युमिनियमचे किंवा कल्हई नसलेले पितळेचे नको.

मऊ शिजल्यावर सर्व पुरणयंत्रातून काढावे, म्हणजे साली आणि बिया वर राहतात. मग दालचिनी, मिरे, जायपत्री, दोन सुक्या लाल मिरच्या आणि तीन लवंगा यांची मलमलीच्या फडक्यात पुरचुंडी बांधून गरात सोडावी. लवंगांची डोकी आठवणीने खुडावीत; त्यांतील टॅनिनमुळे केचप काळपट होते. एक तृतीयांश उरेपर्यंत आटवावे. बशीत थेंब टाकून बशी तिरपी करावी. थेंबाभोवती पाण्याचे कडे सुटले नाही, तर ते झाले असे समजावे. मीठ आणि ऐंशी मिली व्हिनेगर अगदी शेवटी घालून एक उकळी आणावी, आणि दहा मिनिटे उकळलेल्या काचेच्या लहान बाटल्यांत कडकडीत असतानाच भरावे. फ्रिजमध्ये हे दोन आठवडे उत्तम राहते.

उत्तर ३ (विजयनगर, इंदूर)

एक गोष्ट जोडतो. खजुरातही साठ टक्क्यांहून अधिक साखर असते आणि आटल्यावर टोमॅटोची स्वतःची साखरही दाट होते. वरील प्रमाणात शंभर ग्रॅममागे बारा-तेरा ग्रॅम साखर राहीलच. नातवासाठी ते ठीक आहे, परंतु यजमानांसाठी खजूर वगळून वेगळी बाटली करावी. उरलेले केचप बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवल्यास लागेल तेवढी वडी काढता येते.

प्रश्नकर्तीचा प्रतिसाद

सर्वांचे मनापासून आभार. रविवारी दोन किलोंचे केले. अर्धा गर खजूर घालण्यापूर्वीच वेगळा काढला आणि दुसऱ्या अर्ध्यात तीनच खजूर घातले. बशीतील थेंबाची परीक्षा तिसऱ्यांदा उतरली, कारण पहिल्या दोन वेळा कडेला पाणी दिसत होते. रंग यंदा तपकिरी न होता लालबुंद राहिला. नातवाने पहिल्या दिवशी “हे गोड नाही” म्हणून वाटी सरकवली; चौथ्या दिवशी थालीपिठासोबत त्याने ती स्वतः मागून घेतली. यजमानांच्या बाटलीत आंबटपणा थोडा पुढे येतो, म्हणून पुढच्या खेपेला त्यात गाजर दुप्पट घालून पाहीन. आज बारावा दिवस आहे आणि झाकण उघडताना कसलाही आवाज येत नाही.