जिन्यावरून पडलात? नेमक्या कुठल्या पायरीवर, ते सांगा

उन्हाळा तोंडावर आलाय. नागपुरात आता घरोघरी माळ्यावरचे कूलर उतरतील, गच्चीवर वाळवणं चढतील, सुट्टीला आलेली पोट्टी दिवसभर वर-खाली करतील. आणि मे उजाडला की प्लास्टर नुकतंच निघालेली मनगटं आणि घोटे माझ्याकडे यायला लागतील. मी फिजिओथेरपिस्ट आहे. ‘कशा पडलात?’ असं विचारलं की बहुतेक जण एकच उत्तर देतात, ‘लक्षच नव्हतं हो माझं.’ एवढं म्हटलं की घरच्यांच्या लेखी विषय मिटतो. मी मात्र खोदून विचारते. चढताना की उतरताना? वरून कितवी पायरी? हातात काय होतं, पायात काय होतं, दिवा लागलेला होता का? मग कळतं की लक्ष होतं, पण बल्ब गेलेला होता, कठडा दोन पायऱ्या आधीच संपलेला होता किंवा एक पायरी बाकीच्यांपेक्षा वेगळी होती.

जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणे जगात दरवर्षी सुमारे ६ लाख ८४ हजार माणसं पडून दगावतात. यात सगळ्या तऱ्हेचं पडणं आलं, नुसता जिना नाही. अपघाती मृत्यूंमध्ये रस्त्यानंतर याचाच नंबर लागतो. पण रस्त्यावरच्या अपघाताचा पंचनामा तरी होतो, जिन्यावरच्या पडण्याचा कोणी करत नाही. तो इथे, या धाग्यावर करू या. आपला किंवा घरातल्यांचा अनुभव लिहा. बिल्डर आणि दवाखान्यांची नावं नकोत, पायरी कुठली ते हवं.

महालकर

आमचा नागपूरच्या महाल भागातला जुना वाडा. जिना लाकडी, दोन भिंतींत कोंडलेला आणि इतका उभा की खालून वर बघितलं तर फक्त वरच्याचे तळपाय दिसायचे. कठडा नाहीच. वरून एक जाड सुंभाचा दोर सोडलेला होता, पिढ्यान्‌पिढ्यांच्या हातांनी तुळतुळीत झालेला. आजी पदर खोचायची, दोर धरायची आणि तोंड जिन्याकडे करून पाठमोरी उतरायची. पाहुणा आला की खालून हाक ठरलेली, ‘दोर धरा, डोकं सांभाळा!’ माझ्या आठवणीत त्या जिन्यावरून कोणी पडलेलं नाही.

पुढे आम्ही मनीषनगरला फ्लॅटमध्ये आलो. रुंद जिना, ग्रॅनाइट, स्टीलचा चकचकीत कठडा. इथे आई पडली, तीही तळमजल्याच्या अगदी शेवटच्या पायरीवर. उजवं मनगट मोडलं. घरात तेच सुरू झालं, ‘आई, बघून उतरत जा.’ आईचं म्हणणं एकच, ‘अरे, पायरी संपलीच नव्हती आणि जमीन आली.’ कोणी मनावर घेतलं नाही. हीच तक्रार सोसायटीतल्या अजून एका आजोबांनी केली, तेव्हा मी टेप लावली. सगळ्या पायऱ्या साडेसहा इंच उंच, शेवटची पाच. आई अक्षरशः खरं बोलत होती.

सेंट्रिंगवाला

महालकर, तुमच्या आईंच्या पायरीचं कोडं आमच्या धंद्यातलं आहे, उलगडून सांगतो. जिन्याचा स्लॅब ओतला तेव्हा सगळ्या पायऱ्या सारख्याच असणार. नंतर तळमजल्याच्या लॉबीत भराव, कोबा आणि वर ग्रॅनाइट येतं, म्हणजे जमीन चांगली वर येते. पायरीवर मात्र पातळ मसाला आणि एकच फरशी. त्यामुळे सगळ्यात खालची पायरी बुटकी होते. वरच्या मजल्यावर उलटं. तिथली फरशी जाड झाली तर सगळ्यात वरची पायरी उंच होते आणि उतरताना पहिलंच पाऊल जरा जास्त खोल जातं. म्हणून माणसं बहुतेक वेळा जिन्याच्या दोन टोकांना पडतात, मधे कमी. सेंट्रिंग, म्हणजे स्लॅब ओतायचा साचा, लावतानाच कुठे किती जाडीची फरशी येणार हे ठरवून माप धरलं तर हे होत नाही. पण फरशी घरमालक शेवटी पसंत करतो आणि तोवर स्लॅब पडून गेलेला असतो.

दोन-तीन पायऱ्या उतरल्या की पाय डोळ्यांना विचारणं सोडून देतो. पुढचीही तेवढीच असणार असं धरून चालतो. म्हणून सगळ्याच उंच असलेला जिना एक वेळ परवडला (वाड्यातला परवडत होताच), पण एक पायरी वेगळी असलेला नको. राष्ट्रीय बांधकाम संहितेत राहत्या घरासाठी पायरीची उंची जास्तीत जास्त १९० मिलिमीटर आणि पाऊल ठेवायची जागा कमीत कमी २५० मिलिमीटर सांगितली आहे. सार्वजनिक इमारतींना १५० आणि ३००.

टेप नसेल तर जिन्याच्या वरच्या टोकाला उभे राहा, वाका आणि सगळ्या पायऱ्यांच्या कडा एका रेषेत धरा. जिथे रेष मोडेल ती पायरी खोटी. आणि वळणावरच्या तिकोनी पायऱ्या! आतल्या अंगाला तिथे जेमतेम चवडा मावतो, आणि आपल्याकडे कठडा नेमका आतल्याच बाजूला असतो. म्हाताऱ्या माणसाला धरायचं आतून आणि पाय ठेवायला जागा बाहेरून. अशा वळणावर भिंतीच्या बाजूनेही एक पाइप ठोकून घ्यावा. खर्च फार नसतो, सांगणारं कोणी नसतं.

गच्चीवरची काकू

मी तं बाई परातीपायी पडली. कुरडया वाळल्या होत्या, दोन्ही हातांत परात, छातीपर्यंत भरलेली. पायाखालचं दिसूनच नाही राह्यलं. त्यात दुपारचं ऊन डोळ्यांत भरलेलं, गच्चीच्या दारातून जिन्यात आली की सगळी अंधारीच अंधारी. दुसऱ्या पायरीवर पाय गेला अन् बसल्या बसल्या खाली आली, ठक ठक ठक. माकडहाडाला असा मार लागला की महिनाभर मधे भोक असलेल्या गादीवर बसली. पाहुणे आले की ती गादी लपवायची अन् उभ्यानेच चहा द्यायचा.

पण परात नाही सोडली मी! एकही कुरडई फुटली नाही. आमचे हे म्हणे, ‘परात फेकून कठडा धरला असता तं?’ आता तेवढ्या वेळात कोणाला सुचते बाप्पा. आता कापडी पिशवीत भरते, खांद्याला अडकवते अन् एक हात मोकळा ठेवून येते. गच्चीच्या दारात थोडं थांबते, डोळ्यांना दिसायला लागलं की मगच पाय टाकते.

धागाकर्ती

काकू, पिशवीची आयडिया मी माझ्या पेशंटना सांगणार. हातातलं वाचवायचं ही उपजत ओढ असते. मोबाइल, दुधाची पिशवी, धुण्याची बादली, काहीही. कडेवर मूल असेल तर बायका पडतापडता अंग वळवून मुलाला वर धरतात आणि कोपर, खांदा स्वतःचा फोडून घेतात. म्हणून जिन्यावर एक हात मोकळा, एवढं एक पथ्य पाळलं तरी खूप झालं.

नंदनवनचा

आमच्याकडे कारण साधं. लँडिंगवरच्या खिडकीत शेजाऱ्यांचा कूलर, त्याचा पाइप गळका. रात्रभर थेंब थेंब पाणी कोटा फरशीवर साचायचं. सकाळी पेपर आणायला गेलेला भाऊ रबरी चपलेसकट घसरला. चपलेचा तळ घासून सपाट झालेला, तोही गुन्हेगार धरा. घोट्याचं लिगामेंट गेलं. शेजाऱ्यांनी पाइप त्याच संध्याकाळी बदलला, वॉशर वीस रुपयांचा.

दोन चष्म्यांची बाई

कोणी चष्म्याचं लिहिलं नाही म्हणून लिहिते. प्रोग्रेसिव्ह (लांबचं आणि जवळचं एकाच काचेत असलेला) चष्मा लागला त्यानंतर मला जिना उतरताना सारखं पाऊल चुकतंय असं वाटायचं. भिंतींना दोष दिला, बीपीच्या गोळीला दिला. नेत्रतज्ज्ञांनी सांगितलं की या काचेचा खालचा भाग जवळचं वाचण्यासाठी असतो. आपण पायरीकडे बघतो ते त्याच भागातून, पण पायरी तर चार-पाच फुटांवर असते, त्यामुळे कड धूसर दिसते. हनुवटी खाली घेऊन वरच्या काचेतून बघायचं, किंवा चालण्या-फिरण्यासाठी फक्त लांबचा वेगळा चष्मा ठेवायचा. मी दुसरं केलं. काळ्या ग्रॅनाइटवर तर कड दिसतच नाही, त्यामुळे पायऱ्यांच्या कडांना उठून दिसणारी पट्टीही मारून घेतली. नवरा म्हणतो विमानतळासारखं दिसतं. दिसू दे.

प्रतापनगर

हे जरा सविस्तर लिहितो, कारण वेळेवर कळलं असतं तर आमची धावपळ वाचली असती. बाबा हृदयविकारामुळे रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या घेतात. जिन्यावरून तोल गेला, डोकं भिंतीला लागलं. टेंगूळ आलं, रक्त नाही, उलटी नाही. ‘काही झालं नाही, चहा टाका,’ म्हणाले. आम्हीही निश्चिंत.

दोन-अडीच आठवड्यांनी ते दुपारी फार झोपायला लागले. मग शब्द अडखळू लागले, डावी चप्पल पायातून निसटायची आणि त्यांना कळायचं नाही. वय झालं, उन्हाने थकले असतील, असंच घरात सगळे म्हणत होते. पुतणी नर्सिंग शिकते, ती म्हणाली, ‘काका, आजोबांचं डोकं आपटलं होतं ना?’ सीटी स्कॅनमध्ये कवटीच्या आत, मेंदूच्या आवरणाखाली रक्त साचलेलं निघालं. हळूहळू झिरपत मेंदूवर दाब येत होता. कवटीला छिद्रं पाडून ते काढलं. आज बाबा सकाळी फिरायला जातात, पण ते पुतणीमुळे.

धागाकर्ती

प्रतापनगर, हे लिहिल्याबद्दल आभार. रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल आणि डोक्याला मार लागला असेल तर बाहेरून काहीही न दिसलं तरी त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा. पुढचे काही आठवडे डोकेदुखी, गुंगी, बोलण्यात गोंधळ, एका बाजूची कमजोरी यांवर डोळा ठेवा. मात्र भीतीने गोळी परस्पर बंद करू नका, तो निर्णय डॉक्टरांचा.

पडलेल्या माणसाला लगेच बगलेत हात घालून उभं करायची आपल्याकडे फार घाई असते. आधी विचारा कुठे दुखतंय. मान किंवा पाठ दुखत असेल, हातापायाला मुंग्या येत असतील तर हलवू नका, १०८ लावा. एक पाय दुसऱ्यापेक्षा आखूड दिसतोय आणि पाऊल बाहेरच्या बाजूला वळलंय, असं असेल तर खुब्याचं हाड मोडल्याची दाट शक्यता. अशा वेळी मालिश नको, हाडवैद्य नको, ‘सकाळी बघू’ तर नकोच. या हाडाची शस्त्रक्रिया शक्यतो पहिल्या एक-दोन दिवसांत व्हावी असा प्रयत्न असतो. अंथरुणावर पडून राहिलं की न्यूमोनिया, बेडसोअर, पायात रक्ताच्या गुठळ्या असं एकेक मागे लागतं.

रामटेकवाले भाऊ

एक उलटं बोलू का? आमच्या घरी हे पडण्याचं पुराण ऐकून पोरांनी माझा जिनाच बंद केला. ‘बाबा, तुम्ही वर जाऊन नका राहू.’ का बे? मी रामटेकच्या अंबाळा तलावाकडून पायऱ्या चढून गडावर जाणारा माणूस. घरात बसवलं तं गुडघे अजूनच आखडले. आता बाथरूमच्या उंबऱ्यालाही भिंत धरावी लागते.

धागाकर्ती

भाऊ, तुमचं बरोबर आहे आणि पोरांना हे वाचून दाखवा. जिना बंद केला की मांड्या कमजोर होतात आणि मग सपाट जमिनीवरही माणूस पडतो. खुर्चीतून हात न टेकवता उठणं-बसणं, ओट्याला धरून एका पायावर उभं राहणं, टाचा उचलणं, एवढं रोज करा. मग कठडा धरून जिना. उतरताना जास्त जपा. तेव्हा सगळं वजन एका वाकलेल्या गुडघ्यावर येतं आणि तोल गेला की पुढे धरायला काहीच नसतं. दुखरा पाय उतरताना आधी खाली टाकायचा, चढताना मात्र चांगला पाय आधी वर. झोपेतून उठल्यावर किंवा बीपीची गोळी घेतल्यावर चक्कर येत असेल तर काही वेळ बसून राहा, मग जिन्याला हात लावा.

तिळगूळ

संक्रांतीला कटलेल्या पतंगामागे गच्चीवरून खाली पळणारी पोरं कोणी मोजत नाही वाटतं. आमच्या चिरंजीवांचे पुढचे दोन दात त्यात गेले, पतंग शेजारच्याने नेली.

दोन चष्म्यांची बाई

सेंट्रिंगवाले दादा, चिकटवलेली पट्टी मोपिंगच्या पाण्याने सहा महिन्यांत उचकटली आणि तिच्यातच पाय अडकायची पाळी आली. कायमचा उपाय आहे का? सोसायटीत फरशी बदलायला कोणी तयार नाही.

सेंट्रिंगवाला

ताई, फरशी बदलू नका. ग्रॅनाइट असो की कोटा, कडेपासून इंचभर आत दोन-तीन बारीक खाचा जागेवरच मारता येतात, पॉलिश करणारे लोक हे काम करतात. टोकाला लागून खाच नको, कड उडते. खाचांना लागून पिवळ्या इपॉक्सी रंगाचा पट्टा ओढा, तो पुसण्याने निघत नाही. प्रत्येक पायरीला सारखाच हवा, एक सोडून एक नको. शेवटची पायरी बुटकी असेल तर तिला मात्र लाल. काम सुट्टीच्या दिवशी न धरता मधल्या वारी धरा, मजल्यामजल्याने करा आणि मशीन लावायच्या आधी सगळ्यांना दारं लावून घ्यायला सांगा. धूळ भयंकर उडते, आणि गच्चीवर कोणाचं वाळवण असेल तर ते आधी उतरवून घ्या.