रेजिनाल्ड रोझ: '१२ अँग्री मेन'च्या पलीकडे

'१२ अँग्री मेन' हे ज्युरीवरचं नाटक वगळता अमेरिकी टीव्ही-लेखक रोझच्या नावावर सांगण्यासारखं काही नाही, असं कुणी म्हटलं तर मला ते काही पटत नाही बुवा. १९५४ चंच 'थंडर ऑन सिकॅमोर स्ट्रीट' हे टीव्ही-नाटक घ्या. वस्तीत नव्यानं आलेल्या कृष्णवर्णीय कुटुंबाला शेजारी हुसकावायला निघतात, ही मूळ कल्पना. अमेरिकेच्या दक्षिणेतले प्रेक्षक बिथरतील म्हणून वाहिनी आणि जाहिरातदार अडून बसले. रोझनं मुकाट्यानं नायकाला सुटलेला कैदी केलं. पण लोक त्याच्यावर का उठलेत हे बराच वेळ गुलदस्त्यात ठेवलं. तोवर ज्यानं त्यानं काय ते समजून घ्यावं! बेरकीच माणूस.

पुढं १९६१ पासून त्याची 'द डिफेंडर्स' ही वकिलांची मालिका. गर्भपातावरच्या भागातून (तो दुसऱ्यानं लिहिलेला) नेहमीच्या जाहिरातदारांनी अंग काढून घेतलं, तरी सीबीएस वाहिनीनं तो दाखवलाच.