चार जागांचा कायदा आला, पण त्यावर बोललं कोण?

पारोडेकर
गेल्या मंगळवारी, ५ ऑगस्ट २०२५ ला, एकादशी होती. साबुदाण्याची खिचडी खाऊन मी आणि थोरले काका मोबाईल तांदळाच्या डब्याला टेकवून लोकसभा बघत बसलो. काकांचं वय ७८, ऐकू कमी येतं, म्हणून आवाज शेवटपर्यंत वाढवलेला. बिहारच्या मतदार याद्यांवरून विरोधकांच्या घोषणा चालू होत्या, त्यांखेरीज काही कळेना. मध्येच 'गोवा' शब्द कानावर पडला, पुन्हा घोषणा सुरू. थोड्या वेळानं होय म्हणणाऱ्यांनी होय म्हटलं आणि गोव्यातल्या अनुसूचित जमातींना विधानसभेत राखीव जागा देणारं विधेयक मंजूर झालं. काकांनी विचारलं, "जालें?" मी म्हटलं, "झालं." मग त्यांनी विचारलं, "कोण कितें म्हणलो?" मला काही सांगता येईना.

काल, ११ तारखेला, राज्यसभेनंही ते आवाजी मतदानानं मंजूर केलं.

ज्यांच्या कानावर नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. गोव्याच्या विधानसभेत ४० जागा. त्यातली एक, पेडणे, अनुसूचित जातींसाठी राखीव. अनुसूचित जमातींसाठी एकही नाही. २०११ च्या जनगणनेप्रमाणे अनुसूचित जातींची लोकसंख्या २५,४४९ आणि जमातींची १,४९,२७५. जवळजवळ सहापट माणसं आणि जागा शून्य. असं झालं कारण मतदारसंघांची फेररचना २००१ च्या जनगणनेवर झाली, आणि गावडा, कुणबी, वेळीप यांची नावं जमातींच्या यादीत आली २००३ साली. २००१ च्या मोजणीत अख्ख्या गोव्यात अनुसूचित जमातींची माणसं होती ५६६! आम्ही डोंगरावर, शेतात, वाड्यावाड्यांवर होतोच, कागदावर नव्हतो. या नव्या कायद्यानं जनगणना आयुक्त आमची लोकसंख्या ठरवून जाहीर करतील आणि निवडणूक आयोग २००८ चा फेररचनेचा आदेश त्याप्रमाणे दुरुस्त करील. हिशेबानं चार जागा यायला हव्यात.

मी गावडा समाजातला. मला आनंद झालाय. पण आमच्या आयुष्यातला एवढा मोठा कायदा आणि सभागृहात त्यावर धड बोलणं नाही, हे माझ्या घशाखाली उतरत नाही. चार मतदारसंघ कोणत्या कसोटीवर निवडायचे? ते कायमचे राहणार की पुढे फिरणार? २०२७ च्या निवडणुकीआधी काम पुरं होणार का? यावर दोन्ही बाजूंनी खासदार उठून बोलले असते, मंत्र्यांनी एकेका मुद्द्याला उत्तर दिलं असतं, तर ते शब्द कायमचे नोंदले गेले असते. माझं म्हणणं एवढंच, की सभागृह शांत नसेल तर कुठलंही विधेयक मताला टाकू नये. आमच्या भल्याचं असलं तरी. तुम्हाला काय वाटतं?

सांगेची_लेक
दादा, मला तुमचं म्हणणं अजिबात पटलं नाही.

२००३ ला आम्ही यादीत आलो. त्यानंतर २००७, २०१२, २०१७, २०२२ अशा चार निवडणुका झाल्या. चारही वेळा आमच्या हक्काच्या जागा शून्य. २५ मे २०११ ला बाळ्ळीच्या आदिवासी हक्कांच्या आंदोलनात आमचे दोन तरुण गेले. माझा भाऊ त्या दिवशी तिथे होता. रात्री उशिरा घरी आला तेव्हा त्याच्या सदऱ्याला धुराचा वास येत होता. दोन दिवस तो कुणाशी बोलला नाही, जेवला नाही. आणि आता कायदा दारात आलाय तर आम्ही म्हणायचं की थांबा, आधी नीट चर्चा करा?

हे विधेयक मांडलं कधी? ५ ऑगस्ट २०२४ ला. म्हणजे बरोबर एक वर्ष ते लोकसभेत पडून होतं. हिवाळी अधिवेशन गेलं, अर्थसंकल्पी अधिवेशन गेलं. ज्याला बोलायचं होतं त्याच्याकडे वर्ष होतं. त्या वर्षात कुणाला कळवळा आला नाही, आणि आता मंजूर झाल्यावर चर्चा नाही म्हणून हळहळ?

चर्चेचं म्हणाल तर महिला आरक्षणाचा कायदा आठवा. सप्टेंबर २०२३. तासन् तास भाषणं, लोकसभेत ४५४ विरुद्ध २, राज्यसभेत २१४ विरुद्ध शून्य. याहून सुंदर चर्चा कुठली हवी? पण जनगणना आणि फेररचना झाल्याशिवाय तो लागू होणार नाही, आणि आज दोन वर्षं होत आली तरी एकही जागा बाईच्या वाट्याला आलेली नाही. उलट आमचा कायदा पुढच्या जनगणनेची वाट बघत बसत नाही. मला विचाराल तर हा बिनभाषणाचा कायदा त्या भाषणांच्या कायद्यापेक्षा मोलाचा आहे.

म्हापशाचा_वकील
दोघांच्याही म्हणण्यात थोडी कायद्याची बाजू घालतो.

विधेयक मांडणं हा पहिला टप्पा. त्यावर साधारणपणे चर्चा होत नाही. दुसऱ्या टप्प्यात आधी तत्त्वावर चर्चा, मग एकेक कलम घेऊन मत, दुरुस्त्या असतील तर त्यावर मत. तिसऱ्या टप्प्यात आख्खं विधेयक मंजुरीला. मग दुसरं सभागृह आणि शेवटी राष्ट्रपती. कागदावर दुसरा आणि तिसरा टप्पा लोकसभेत गेल्या मंगळवारी पार पडला. आवाजी मतदान ही नेहमीची पद्धत, त्यात वावगं नाही. कुणीही सदस्य मतविभागणी मागू शकतो, म्हणजे नावानिशी मोजणी. पण घोषणा देत हौद्यात उभा असलेला सदस्य ती मागणार कशी? गोंधळात आवाजी मतदान घेतलं की कोण बाजूनं आणि कोण विरुद्ध याची नोंदच उरत नाही. पारोडेकरांचा सल इथे खरा आहे.

आणि हे कोर्टात नेऊ म्हणाल तर दार बंद. घटनेचं कलम १२२ सांगतं की कार्यपद्धतीत चूक झाली एवढ्यावरून संसदेच्या कामकाजाला आव्हान देता येत नाही.

आता सांगेच्या ताईंना एक. उद्या एखाद्या मतदारसंघावरून वाद पेटला, कुणी कोर्टात गेलं, तर कलमाचा अर्थ लावताना न्यायाधीश उद्दिष्टांचं निवेदन बघतात, मंत्र्यांनी सभागृहात काय सांगितलं ते बघतात. भाषण जितकं मोकळं आणि प्रश्नांना तोंड देणारं, तितका तुमचा कायदा भक्कम. माझ्याकडे मुंडकारांची, म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीवर घर करून राहणाऱ्यांची, प्रकरणं येतात. मुंडकार कायदा १९७५ चा, आपल्याच विधानसभेनं केलेला. घर कुणाचं हे ठरायला आजही पिढ्या जातात. एका आजीची फाईल माझ्या टेबलावर आहे, पहिल्या अर्जाची शाई उडालीय, तारीख भिंगानं वाचावी लागते. कायदा झाला म्हणजे मिळालं, असं मला म्हणवत नाही.

सांगेची_लेक
वकीलसाहेब, त्या आजीला मुंडकार कायदा नसता तर अर्ज तरी करता आला असता का?

वास्को_बंदर
मला तर वाटतं तुम्ही सगळे चर्चेला फार किंमत देताय. लहान राज्याच्या वाट्याला चर्चेतून काय येतं ते आम्ही मुरगावात पाहिलंय.

मोठ्या बंदरांचा कायदा घ्या. मूळ विधेयक २०१६ ला आलं. ते संसदीय स्थायी समितीकडे गेलं, समितीनं अहवाल दिला, मग २०१९ ला लोकसभा संपली आणि विधेयक बुडालं. २०२० ला पुन्हा मांडलं. फेब्रुवारी २०२१ मध्ये राज्यसभेत रीतसर मतविभागणी झाली, ८४ विरुद्ध ४४. म्हणजे पारोडेकरांना हवं ते सगळं झालं, समिती झाली, मोजणी झाली. आणि कायद्यात काय राहिलं? बंदराच्या हद्दीत बंदराचं मंडळ स्वतःचा विकास आराखडा करील आणि तो राज्याच्या किंवा स्थानिक संस्थांच्या नियमांना बांधलेला नसेल. मुरगाव हे केंद्राच्या यादीतलं मोठं बंदर. आमच्या खारवीवाड्यावर लोक होड्या लावतात, जाळी वाळत घालतात, तिथल्या बाईला विचारा पालिकेच्या नियमाला आता काय अर्थ उरला.

लोकसभेत गोव्याचे दोन. राज्यसभेत एक. ७८८ खासदारांत आपले तीन! चर्चा कितीही झाली तरी तीन माणसांचा आवाज तेवढाच. आपलं काम व्हायचं ते दिल्लीत दार ठोठावून, पाठपुरावा करून. आदिवासी बांधवांनी तेच केलं, रस्त्यावरही आणि कोर्टातही, म्हणून विधेयक आलं.

पेडणेकर
वास्कोवाल्या भावा, तीन आहेत म्हणूनच तर समिती हवी. भर सभागृहात ५४३ जणांत आपला खासदार मिनिट-दोन मिनिटं बोलणार. समितीत ३१ जण बसतात, पक्षाचा आदेश तिथे लागू होत नाही, बाहेरच्या माणसाला लेखी निवेदन देता येतं, साक्षीला बोलावतात. पेडण्याच्या शेतकऱ्याचं पत्र तिथे वाचलं जाण्याची शक्यता असते. सभागृहात ती नाहीच.

आणि तेच दार आक्रसत चाललंय. पंधराव्या लोकसभेत ७१ टक्के विधेयकं समित्यांकडे गेली होती. सतराव्या लोकसभेत १६ टक्के. २०२० च्या कृषी कायद्यांचं काय झालं? समितीकडे पाठवले नाहीत. २० सप्टेंबरला राज्यसभेत त्यातल्या दोन विधेयकांवर मतविभागणी मागितली ती मिळाली नाही, आवाजी मतानं मंजूर. वर्षभर शेतकरी दिल्लीच्या वेशीवर बसले आणि २९ नोव्हेंबर २०२१ ला तेच कायदे मागे घेतले, तेही चर्चेविना! घाईनं आणले, घाईनं नेले.

काल लोकसभेत नवा आयकर कायदाही काही मिनिटांत झाला. पण त्याच्यामागे निवड समितीनं काही महिने बसून केलेलं काम होतं, म्हणून मला त्याची एवढी काळजी वाटत नाही. आमच्या राखीव जागांच्या विधेयकावर समिती बसली असती तर गोव्यात येऊन लोकांशी बोलली असती. वर्ष होतं ना हातात? ताई म्हणतात ते वर्ष समितीला पुरलं असतं.

बाकी गोंधळ घालणाऱ्यांनाही माझा दोष आहे. बिहारच्या मतदार याद्यांचा प्रश्न मोठाच, मताच्या हक्काचाच. पण ज्या दिवशी दीड लाख लोकांचा मताचा हक्क पटलावर येतो त्या दिवशी अर्धा तास जागेवर बसून बोलता आलं असतं.

सांगेची_लेक
हे मात्र पटलं. समिती सांग्यात आली असती, तर मी आईला घेऊन गेले असते.
पण समिती बसली नाही म्हणून विधेयकच अडलेलं मला चाललं नसतं. २०२७ ला निवडणूक आहे. सहा महिने इकडेतिकडे झाले की पुढची पाच वर्षं गेली. माझी आई तोपर्यंत असेल का?

धनगरवाड्यावरून
इतका वेळ वाचत होतो. आता लिहितोच.

तुम्ही २००३ म्हणता तेव्हा आमच्या वाड्यावर दुसरंच आठवतं. त्या दुरुस्तीत गावडा, कुणबी, वेळीप ही नावं आली. धनगर राहिले. जमातींच्या यादीत नाव घालायचं किंवा काढायचं तर घटनेच्या कलम ३४२ प्रमाणे संसदेनंच कायदा करायला हवा, राज्याला तो अधिकार नाही. गोवा, दमण आणि दीव मिळून आधीची यादी १९६८ ची, तिच्यात धोडिया, दुबळा, नायकडा, सिद्दी, वारली. बहुतेक दमण-दीवकडची मंडळी. म्हणून ते ५६६. त्या यादीत सुधारणा व्हायला ३५ वर्षं लागली, आणि झाली तेव्हा आम्ही बाहेर. तेव्हापासून प्रस्ताव जातो, दिल्लीहून शंका येतात, राज्य उत्तरं पाठवतं, पुन्हा शंका. माझ्या बापानं म्हशी राखत रान तुडवलं, मी म्हशी विकून रिक्षा घेतली, आणि माझा मुलगा दाखल्यासाठी अजून फेऱ्या मारतोय.

तेव्हा सभागृहात कुणीतरी उभं राहून विचारलं असतं की धनगर का नाहीत, तर मंत्र्याला कारण द्यावं लागलं असतं. ते कारण आज आमच्या हातात असतं. त्याला उत्तर देता आलं असतं. बाय, तुमच्या जागांबद्दल मला खरंच आनंद आहे, तुम्ही आमचीच माणसं. पण ज्याला मिळतं त्याला चर्चेची गरज वाटत नाही. जो राहून जातो त्याला ती लागते.

सांगेची_लेक
भाऊ, मी तुमच्या बाजूनं असा विचार केला नव्हता. माझं मत बदललंय असं नाही म्हणणार, २०२७ ची मला तितकीच घाई आहे. पण तुमच्या प्रस्तावासाठी पत्र लिहिणार असाल तर खाली सही माझीही घ्या.

पारोडेकर
मग पत्र आताच लिहूया. अधिवेशन २१ ऑगस्टपर्यंत आहे. प्रश्नासाठी आधी सूचना द्यावी लागते, तेवढे दिवस आता उरले नाहीत, म्हणून हिवाळी अधिवेशन धरून चालू. लेखी उत्तराचा प्रश्न असला तर गोंधळातही उत्तर पटलावर ठेवलं जातं, म्हणून तोच मार्ग बरा. मसुदा देतो, वकीलसाहेबांनी भाषा तपासावी:

"गोव्यातील अनुसूचित जमातींच्या विधानसभेतील प्रतिनिधित्वाबाबतच्या २०२५ च्या कायद्यान्वये (१) जनगणना आयुक्तांनी लोकसंख्या जाहीर केली आहे काय, असल्यास कोणत्या तारखेला, (२) निवडणूक आयोगानं मतदारसंघ निवडण्यासाठी कोणती कसोटी लावली आहे, (३) गोव्यातील धनगर समाजाचा यादीत समावेश करण्याचा प्रस्ताव सध्या कोणाकडे, कोणत्या कारणासाठी प्रलंबित आहे?"

तिन्ही खासदारांना एकच मजकूर, वेगवेगळी पाकिटं. काकांना वाचून दाखवला. तिसरा मुद्दा पहिला घाला म्हणाले. घालू का?