मदत हवी आहे: रोजचा बीओडी लोड ६३ किलो धरू की ७०?

नमस्कार मंडळी, बडोद्यात मकरपुऱ्याजवळ आमचं श्रीखंड-पनीरचं छोटं युनिट आहे, सांडपाण्यासाठी प्लांट बसवायचाय आणि प्लांटवाल्याने रोजचा बीओडी लोड (म्हणजे पाण्यातली घाण कुजवायला जंतूंना लागणारा ऑक्सिजन) किलोमध्ये मागितलाय.

फ्लो मीटर नाहीये, म्हणून तीन दिवस बादली आणि स्टॉपवॉच घेऊन पाइपाच्या तोंडाशी बसलो आणि दर अर्ध्या तासाला मोजलं. दिवसभरात २४ घनमीटर जातं, संध्याकाळी क्रेट-भांडी धुताना अजून १४, आणि ते पाणी तर पार दुधाळ असतं. दोन्ही वेळचे नमुने बर्फात ठेवून त्याच दिवशी लॅबला दिले, दिवसाचा बीओडी ११०० मिग्रॅ प्रति लिटर आला, संध्याकाळचा २६००.

सूत्र माहितीये, घनमीटर गुणिले मिग्रॅ भागिले १०००. पण सरासरी १८५० काढून ३८ घनमीटरला लावली तर ७० किलो येतात, आणि वेगवेगळं काढून बेरीज केली तर २६.४ अधिक ३६.४ म्हणजे ६२.८. मला दुसरंच बरोबर वाटतं कारण जास्त घाण पाणी प्रमाणाने कमी आहे, पण प्लांटवाला पहिलंच धरा म्हणतोय.

पनीरची निवळी यात नाही, ती गुरांसाठी कॅनमधून वेगळी जाते. संडास-बाथरूमचं पाणीही वेगळं. अजून दोनदा तपासण्याइतकं बजेट आहे.

लॅबचा रिपोर्ट नमुना ३ दिवस २७ अंश सेल्सिअसला ठेवून केलेल्या बीओडी चाचणीचा आहे, प्लांटवाल्याच्या फॉर्मवर ५ दिवस २० अंश लिहिलंय, मग तोच आकडा चालेल की काही फॅक्टर लावायचा? आणि पुढचे नमुने प्रवाहाच्या प्रमाणात मिसळून एकच द्यावा की असेच वेगवेगळे?